उरकुडा मेश्राम यांच्या नोंदीतल्या दुरुस्त्या

कोशातली नोंद सहा ओळींची.
त्या सहा ओळी तपासायला मला पाठवलंय,
आणि राळेगावच्या पुढे एसटीनं सोडलंय एका फाट्यावर
जिथं गावाचं नावसुद्धा दोन पाट्यांवर दोन तऱ्हांनी लिहिलंय.

नोंद म्हणते : मेसन, रॉय. जॅझवादक. टेनर सॅक्सोफोन.
शाळेचं दाखल-खारीज म्हणतं : उरकुडा लसमाजी मेश्राम,
जन्म एक जुलै. हेडमास्तर हसतात :
त्या पानावरची सगळीच पोरं एक जुलैची.
आधीची चार लेकरं गेली, म्हणून याला
उकिरड्यावर ठेवून परत उचललं. म्हणून उरकुडा.
मुंबईच्या कुठल्याशा हॉटेलात मॅनेजरनं नाव विचारलं असेल
आणि मेश्रामचा मेसन व्हायला
एक श्वास पुरला असेल.
(कोशात 'असेल' चालत नाही.)

टेनर नव्हे. फोटोतल्या वाद्याची मान काटकोनात मोडलीय,
टेनरची बगळ्यासारखी वळते. आल्टो, मी लिहून घेतो.
त्यांची लेक पारबताबाई
धोतरात गुंडाळलेलं वाद्य ट्रंकेतून काढते,
झोपलेलं पोर उचलावं तसं.
मानेच्या बुचावर सायकलची ट्यूब.
खालच्या दोन झडपांना बकरीचं कातडं.
अंगठ्याच्या टेकूखाली नंबर, पाच आकडी,
मधला आकडा हिरव्या गंजानं खाल्लेला : तीन की आठ?
ती पदराला खोबरेल लावून घासते.
आठ.
म्हणजे हे वाद्य कारखान्यातून निघालं
फोटो काढल्यावर दोन वर्षांनी.
मग फोटोतलं कुणाचं?
"उसनं असन जी. थ्या फोटोतला कोट बी उसनाच हाये."

राहिली तबकडी. अठ्ठ्याहत्तर फेऱ्यांची, कलकत्त्याला भरलेली.
दुसऱ्या बाजूला, दीड मिनिटानंतर, तो सोलो,
ज्याच्यामुळे हा माणूस कोशात आहे.
अकराव्या आवर्तनाला सूर खाली घसरतो,
थांबतो, जिन्यातला दिवा जावा तसा,
आणि पाऊल नेमकं पायरीवर पडतं.
ध्वनिमुद्रण : नऊ मार्च.

पारबताबाईकडे बँडची वही आहे, जिनिंगच्या पावत्यांमागे शिवलेली.
त्याच सालचा नऊ मार्च :
लगन, गिरड. अकरा जण. रुपये पंचावन.
ढोलाचं पान फुटलं, साडेतीन वजा.
खाली सही, एकेक अक्षर दाबून : उरकुडा.

एका दिवसात कलकत्ता आणि गिरड होत नाही.

गिरडला नवरी जिवंत आहे.
एका डोळ्यात फूल पडलंय, ओट्यावर तूर पाखडते.
"वाकड्या पिपानीवाला? थोच तं होता बाप्पा!
त्यानं फुकलं आन् दमनीचे बैल बुजाले,
नवरदेव खाली, बाशिंग गव्हात.
तवा हासता नाही आलं. आता हासतो."
काय वाजवलं होतं त्यांनी?
ती सूप खाली ठेवते, बोळकं मिटते, गुणगुणते.
लग्नातलंच काहीतरी, दहा गावांत वाजणारं,
मी पेन बंद करायच्या बेतात,
तेवढ्यात सूर खाली घसरतो,
थांबतो,
आणि मला कळत नाही,
हे ते थांबणं आहे
की म्हातारीला दम लागलाय.
पुन्हा म्हणा, म्हटलं. तिनं पुन्हा म्हटलं.
या वेळी थांबली नाही.

परतीच्या एसटीत मी लिहितो :
वाद्य, आल्टो. जन्मतारीख, अनिश्चित.
सोलोचा वादक, अनिश्चित.
सहाच्या चार ओळी होतात, गाडी उसळली की अक्षरं तुटतात.
गिरडच्या लग्नाला साक्षीदार आहे, तारीख आहे, सही आहे,
इतकं पक्कं दुसरं काहीच हाती लागलं नाही,
आणि त्याला नोंदीत जागा नाही.

फाट्यावर पारबताबाई उभी.
वही उघडून बोट ठेवते एका ओळीवर
जी मी दोनदा वाचून सोडून दिली होती :
पैकी चाळीस मिळाले.
"बाकी मांगतली काय तिले?"